मेहकर–शेगाव, मार्गे कॅले

२०२० सालच्या जून महिन्यात आमच्या घरची एसटी फ्रान्समध्ये अडकून पडली होती.

त्या दिवसांत ज्याचं त्याचं कुणी ना कुणी कुठे ना कुठे अडकलेलंच होतं. समोरच्यांचा मुलगा पुण्यात, मागच्या गल्लीतल्यांची लेक सुरतेला, आणि एकांकडे तर साखरपुड्याला आलेले व्याही दीड महिना मुक्कामी. त्यांच्यासाठी ई-पास काढायची धावपळ चालायची. आमची गाडी मात्र कॅले बंदरावर उभी होती, आणि तिला पास देईल असा तहसीलदार मला तरी माहीत नव्हता.

झालं होतं असं. आमचे चिरंजीव त्या वर्षी दहावीला. मार्चमध्ये टाळेबंदी लागली आणि भूगोलाचा शेवटचा पेपर रद्द झाला. मी पडलो शाळामास्तर, त्यामुळे मला हळहळ वाटली. त्याला काय वाटलं ते सांगायला नको. पण ज्या विषयाची परीक्षा टळली तोच विषय या मुलाने मग जीव तोडून करायला घेतला. रॉटरडॅमहून कोलोनला जाताना कुठला फाटा सोडायचा आणि कुठला घ्यायचा, डोव्हरच्या बोटीसाठी कुठे रांग लावायची, हे त्याला तोंडपाठ. कारण तो दिवसभर तिथूनच एसटी चालवत असे. कॉम्प्युटरवर.

मूळ खेळाचं नाव युरो ट्रक सिम्युलेटर २. प्राग शहरातल्या एससीएस नावाच्या कंपनीने तो २०१२ साली काढला. नावातच आहे, खेळ ट्रकचा. माल भरायचा, युरोपभर पोचवायचा, भाडं घ्यायचं, वेग जास्त झाला की दंड भरायचा. त्यात एसटीचा काही संबंध नाही. पण आपल्याकडे एसटीवर जीव टाकणारी पोरं आहेत. त्यांनी लालपरी, एशियाड, हिरकणी, शिवशाही अशा एकेक गाड्या कॉम्प्युटरवर घडवल्या आणि या खेळात नेऊन उभ्या केल्या. कंपनीच्या खेळात असं बाहेरून जे घुसवतात त्याला मॉड म्हणतात. आमच्या गाडीला मागची शिडी होती, टपावरचं कॅरियर होतं आणि कपाळावर चिरंजीवांनी स्वतः लिहिलेली पाटी होती: मेहकर–शेगाव. खेळ मुळात मालवाहतुकीचा असल्याने गाडीला मागून एक न दिसणारा ट्रेलर जोडावा लागे. म्हणजे आमची लालपरी शेगावची पाटी लावून वीस टन बटाटे ओढत बेल्जियममधून जायची.

आमच्या आईला याचं अप्रूप फार. ती रोज पाठीमागे खाटेवर बसून हा प्रवास बघे. एरवी महिन्या-दीड महिन्याला शेगावला जाणारी बाई. पण महाराजांचं देऊळ मार्चपासून बंद. बावीस मेपासून जिल्ह्यातल्या जिल्ह्यात अर्ध्या आसनांवर एसटी सुरू झाली, तरी जाऊन करायचं काय? म्हणून ती घरच्या एसटीत बसू लागली.

"कुठं आली रे गाडी?"

"आजी, डोव्हर सोडलं."

"मंग जानेफळ मांगं गेलं म्हणाव."

चिरंजीवांना इंग्लंडात करमायचं. तिकडे आपल्यासारखीच डावीकडून गाडी. बोटीतून कॅलेला उतरलं की रस्ता उजवा होतो आणि सवयीचा माणूस पहिल्याच चौकात समोरच्याच्या अंगावर जातो. म्हणून कॅलेला उतरल्यावर तो गाडी थांबवायचा, पाणी प्यायचा, मग पुढे. मे महिन्यात एका संध्याकाळी त्याने अशीच गाडी कॅलेला लावली आणि जेवायला उठला. रात्री खेळाची नवीन आवृत्ती आली. रोजच्या दीड जीबीत ती उतरायला चार दिवस गेले. पाचव्या दिवशी गाडी सेल्फ घेईना.

म्हणजे खेळ सुरू व्हायचा, पाटी यायची, संगीत वाजायचं, गोल फिरायचा. आणि मग काही न बोलता सगळं गडप. चूक झाली, माफ करा, पुन्हा प्रयत्न करा, असं एक अक्षर नाही. समोर एकदम डेस्कटॉप. चिरंजीवांच्या डेस्कटॉपवर लोणार सरोवराचा फोटो होता, त्यामुळे दर वेळी आपण कॅलेहून निघून थेट उल्केच्या खड्ड्यात पडल्यासारखं वाटे. दिवसातून सात-आठ वेळा आम्ही लोणारात पडायचो.

आता घरातली वस्तू बिघडली की कर्त्या पुरुषाने काहीतरी निदान करावंच लागतं. मी केलं. म्हटलं, उन्हाने तापलाय. विदर्भातला मे-जून, माणसं तापतात, तिथे यंत्राचं काय. कॅबिनेटचा बाजूचा पत्रा काढला आणि कूलर त्याच्या तोंडासमोर आणून ठेवला. पंधरा मिनिटांनी चिरंजीव ओरडले, कारण कूलर हवेबरोबर पाणीही टाकत होता. मग मी व्होल्टेजवर घसरलो. फ्रिजचा स्टॅबिलायझर काढून कॉम्प्युटरला लावला. गाडी सुरू झाली नाही; दूध नासलं. दुधाचा विषय दोन दिवस चालला.

तिसरं निदान मी खास ठेवणीतलं काढलं. "शेवटचा मॉड कोणता टाकलास?" तो म्हणाला, पावसाचा. एप्रिलमध्ये. खऱ्यासारखा पाऊस पडतो, काचेवरून थेंब ओघळतात. मी म्हटलं, बस्स, तोच. हे मी मोठ्या आत्मविश्वासाने बोललो. घरात सून आली आणि दुसऱ्या दिवशी मिक्सर जळाला, तर मिक्सर किती वर्षांचा होता हे कुणी विचारत नाही. पाऊस काढला. खेळ लोणारात. मग त्याच्या आधी आलेल्या टोलनाक्यावर संशय घेतला, मग ढाब्यावर, मग म्हशींवर. होय, एका मॉडमध्ये रस्त्यात म्हशी होत्या, जर्मनीच्या ऑटोबानवर. सगळे निर्दोष निघाले.

त्यातच एके सकाळी मी कॉम्प्युटर लावला आणि पोटात गोळा आला. लोणार सरोवर गुलाबी! हिरवट पाणी जाऊन चक्क बर्फाच्या गोळ्याचा रंग. मी हाक मारली, "कार्ड गेलं रे! ग्राफिक कार्ड जळालं!" सगळं घर गोळा झालं. चिरंजीवांनी शांतपणे सांगितलं की कार्ड ठीक आहे, सरोवरच गुलाबी झालंय, त्याने काल रात्री नवा फोटो लावला. माझा विश्वास बसेना. घरापासून पंचवीस-एक किलोमीटरवरच्या तळ्याची बातमी मला कॉम्प्युटरने द्यावी! पण पेपरातही तेच. पुढे पुण्याच्या आघारकर संस्थेने पाणी तपासून सांगितलं की पाणी आटून खारटपणा वाढला आणि मीठ आवडणाऱ्या हॅलोआर्किया नावाच्या सूक्ष्म जीवांनी हा रंग आणला. माझी मात्र घरातली पत घसरली ती घसरलीच. तेव्हापासून मॉनिटरवर काहीही दिसलं की सौभाग्यवती म्हणत, "बघा हो, कार्ड तर नाही ना गेलं?"

शेवटी मिस्त्रीकाकांना बोलवायचं ठरलं. ही कल्पना आईची. मिस्त्रीकाका म्हणजे आमचे शेजारी, एसटीतून मेकॅनिक म्हणून निवृत्त. कॉम्प्युटरला त्यांनी आयुष्यात हात लावलेला नाही. पण आईचं म्हणणं साधं होतं: "एसटी बंद पडली ना? मंग एसटीवाल्याले बलवा."

काका आले ते दाराबाहेरच थांबले. तोंडाला उपरणं, डोळ्यांवर चष्मा, हातात सवयीने आणलेला एक पाना. अंतर ठेवायचं म्हणून त्यांना उंबऱ्याबाहेर प्लास्टिकची खुर्ची दिली आणि मॉनिटर त्यांच्याकडे वळवला. रोग्याला दारातून बघणारा तो पहिलाच डॉक्टर असेल. त्या जूनमध्ये मात्र नसावा.

त्यांनी आधी पडद्यावरची गाडी नीट न्याहाळली. शिडी बघितली, खिडक्यांच्या पट्ट्या बघितल्या. "हे मॉड मॉड काय म्हंता तुमी?"

चिरंजीवांनी सांगितलं. मूळ कंपनीची वस्तू, वर आपण आपलं बांधायचं.

काका हसले. "अरे पोट्ट्या, मंग आपली एसटी बी मॉडच हाय. कंपनी आमाले नुसती चेसी द्यायची. सहा चाकं, इंजन, स्टेरिंग, अन् डायवरले बसाले एक फळी. वरची सारी गाडी दापोडीले, चिकलठाण्याले नाहीतर हिंगण्याले बांधायचे. खिडकी आपली, शीट आपलं, दार आपलं."

मी इतकी वर्षं एसटीत बसलो, पण हे कधी मनात आलं नव्हतं. दापोडी, चिकलठाणा आणि हिंगणा या महामंडळाच्या मध्यवर्ती कार्यशाळा. सांगाडा एकाचा, अंग दुसऱ्याचं, आणि ही जोडाजोड करून गाडी लाखो किलोमीटर पळवायची. चिरंजीवांचा चेहरा असा उजळला की जणू दापोडीला त्याचेच काका-मामा होते.

"आता सांग," काका म्हणाले. "बंद कवा पडते? स्टार्ट होतानी, का लोडवर?"

गंमत बघा. तीन आठवडे मी घरातला सगळा कूलर-स्टॅबिलायझर हलवला, पण हा प्रश्न मला सुचला नव्हता. चिरंजीव म्हणाले, स्टार्ट होताना. खेळाची यादी दिसते, गाडी भरायला लागली की जातो.

"मंग गरमीचं नाही. गरमीनं पडली असती तर चालता चालता पडली असती." माझ्याकडे न बघता ते म्हणाले, पण मी ऐकलं. "डायवरनं वहीत काय लिवलं?"

ड्रायव्हरची वही म्हणजे काय ते चिरंजीवांना लगेच कळलं. खेळ स्वतःचा रोजनामचा लिहीत असतो, गेम डॉट लॉग नावाच्या फायलीत. उघडली. हजारो ओळी. मी शिक्षक, लाल पेन घेऊन बसलो. जिथे तिथे एरर. या आरशाचं चित्र सापडलं नाही, त्या म्हशीची सावली सापडली नाही. मी चाळीसएक चुका काढून पंचनामा तयार केला. काकांनी तो दारातूनच परत केला.

"मास्तर, गाडी चालत होती तवाची वही बी अशीच असन."

खरंच होतं. एप्रिलमधली जुनी फाइल जपलेली होती; तिच्यातही त्याच चाळीस तक्रारी. आमच्या आईसारखं. गुडघा, कंबर, डोळ्यांपुढे काजवे, हे रोजचं. त्यातलं एखाद्या दिवशी खरं कोणतं हे ओळखायला घरात नुसतं राहून भागत नाही, रोज ऐकावं लागतं. दोन्ही फायली शेजारी लावून पाहिल्या तेव्हा नवीन अशा चारच ओळी हाती लागल्या, आणि त्याही अर्धवट, वाक्य तोडून गेलेल्या माणसासारख्या. आमच्या गावाला पुरलेलं खणून काढायची परंपरा आहे, शारंगधर बालाजीची मूर्ती १८८८ साली अशीच जमिनीतून निघाली. पण या चार ओळींखाली देव होता की दगड, काही कळेना.

"किती सामान बांधलं तू गाडीवर?" काकांनी विचारलं.

"एक्केचाळीस मॉड."

इथे चिरंजीवांनी हिशेब मांडला. एकेक काढून बघायचं तर दर वेळी आमचं म्हातारं मशीन सुरू व्हायला सात मिनिटं घेणार. एक्केचाळीस साते दोनशे सत्त्याऐंशी. म्हणजे पावणेपाच तास, तेही लाइट न गेली तर. काकांनी मान हलवली. "एकेक कायले? वायरिंगमधी शॉर्ट असला त आमी एकेक वायर नाही पाहत. अर्धे फ्यूज काढून घ्यायचे. शॉर्ट गेला, त काढलेल्यात हाय. नाही गेला, त राह्यलेल्यात. मंग त्याचे अर्धे." एक्केचाळीसचे वीस, विसाचे दहा, दहाचे पाच, सहा फेऱ्यांत चोर हाती. पाऊण तासाचं काम. कॉलेजात हेच बायनरी सर्च या नावाने शिकवतात असं चिरंजीवांनी नंतर सांगितलं. काका ते आयुष्यभर पान्याने करत आले होते.

काढण्याआधी एक गोष्ट त्यांनी करवून घेतली. नटबोल्ट जसे निघाले तसे ओळीने पेपरावर मांडून ठेवतात, तसा मॉडच्या यादीचा क्रम वहीत उतरवायला लावला. तो क्रम फार महत्त्वाचा असतो. दोन मॉडनी एकाच वस्तूवर हक्क सांगितला की यादीत जो वर बसलाय त्याचं खरं धरतात. लग्नाच्या पंगतीसारखंच. मामा वर बसला की मावसा बिघडतो, आणि मावशाला वर घेतलं की मामाची बायको जेवत नाही. आमच्या यादीत रस्ते वर की म्हशी वर या घोळात एप्रिलमध्ये आठवडाभर म्हशी झाडातून चालत होत्या. तर क्रम लिहून झाला, खेळाचं खातं दुसऱ्या फोल्डरमध्ये उतरवून ठेवलं आणि पहिले वीस बंद केले.

सात मिनिटं. आईने जप सुरू केला. खेळ सुरू झाला!

म्हणजे चोर बंद केलेल्या विसात. आता उलट खात्री करू म्हणून ते वीस चालू केले आणि उरलेले एकवीस बंद केले. सात मिनिटं. हाही सुरू झाला!

चिरंजीव गोंधळले. मी तर आणखी. दोन्ही अर्धी निर्दोष. सगळं एकत्र आणलं की लोणार. काका मात्र खुर्चीत पुढे सरकले. इतका वेळ कंटाळलेल्या माणसाच्या डोळ्यांत एकदम डिझेल आलं.

"हं. म्हंजे पार्ट दोनी चांगले हायेत. जोड खराब हाय. या बाजूचा एक अन् त्या बाजूचा एक एकमेकाले भेटले का भांडतेत. बैल एकेकटे गरीब, जुवाले जुपले का लाथा."

मग शोध वेगळा झाला. एका अर्ध्यात आमची लालपरी होती. ती कायम ठेवली आणि समोरच्या अर्ध्यातले दहा-दहा, मग पाच-पाच तिच्याशी भेटवत गेलो. बाहेर अंधारून आलं, पहिला वळीव पडून गेला, लाइट एकदा गेली आणि आली, काकांची खुर्ची पडवीत घेतली, पोह्यांची एक फेरी झाली. रात्री साडेआठला एकच मॉड उरला. पडद्यावर त्याचं नाव आलं आणि चिरंजीवांनी हळूच मान वळवून माझ्याकडे बघितलं.

हॉर्न.

हा हॉर्न माझा. म्हणजे मी मागितलेला. आदल्या दिवाळीत त्याने पहिल्यांदा गाडी दाखवली तेव्हा ती मुकी होती. बनवणाऱ्याने हॉर्न दिलाच नव्हता. मीच म्हटलं होतं, एसटी आणि हॉर्न नाही? घाटाच्या वळणावर जो वाजतो, जो ऐकून गुरं आधी आणि माणसं नंतर बाजूला होतात, तो पाहिजे. त्याने बिचाऱ्याने कुठून कुठून शोधून तो वेगळा आणून बसवला. तेव्हापासून मी पाहुण्यांना तो वाजवून दाखवत होतो. घरातल्या सगळ्यांत जुना मॉड. त्यामुळे त्याच्याकडे कुणाचं लक्षच गेलं नाही; माझं तर नाहीच नाही.

कारणही मग सापडलं. मे महिन्यातल्या त्या १.३७ आवृत्तीत कंपनीने खेळाची आवाजाची यंत्रणाच बदलली होती. जुनी काढून एफमॉड नावाची नवी बसवली. आवाजाचे जुने मॉड नव्याने बांधून घ्यावे लागतील हे जाहीरही केलं होतं. गाडी बनवणाऱ्या पोराने आपली गाडी लगेच नव्या पद्धतीने बांधून दिली आणि आमच्या चिरंजीवांनी ती उतरवून घेतली. हॉर्न मात्र दिवाळीतलाच. नव्या चेसीवर जुना हॉर्न. वायर जाते कुठे, येते कुठे. नुसता हॉर्न असला तर गाडीच नाही, लागणार कुणाला? नुसती गाडी असली तर हॉर्नच नाही. दोघे भेटले की मात्र गोल फिरायचा आणि मग गुलाबी पाणी.

"काढा त्याले," काका म्हणाले.

सौभाग्यवती काही बोलल्या नाहीत. त्यांनी फक्त स्टॅबिलायझरकडे बघितलं.

हॉर्न काढला, बाकी चाळीस मॉड वहीतल्या क्रमाने परत बसवले. सात मिनिटं. आणि कॅले. धक्क्यावर आमची गाडी तशीच उभी, कपाळावर मेहकर–शेगाव, काचेवर खऱ्यासारखा पाऊस. त्या पावसावर मी तीन आठवडे आळ घेतला होता.

रिवाज असा की दुरुस्त झालेल्या गाडीची ट्रायल मेकॅनिकने घ्यायची. काकांनी हात धुतले, सॅनिटायझर लावलं, उपरणं वर ओढलं आणि पहिल्यांदाच उंबरा ओलांडून कॉम्प्युटरपुढे बसले. कुठलं बटण ॲक्सिलरेटर, कुठला ब्रेक, हे चिरंजीवांनी दाखवलं. इंजिन सुरू झालं. काका थांबून राहिले. आम्ही वाट बघतोय. इंजिन घरघरतंय. मिनिट झालं, दोन मिनिटं झाली.

"काका, जाऊ द्या ना."

"डबल बेल कोन देईन?"

चिरंजीव खेळाच्या यादीत बेलचा मॉड शोधू लागले. आईने तेवढ्यात पानाच्या डब्यातला अडकित्ता उचलला आणि स्टीलच्या पेल्यावर दोनदा हाणला. टण टण.

काकांनी मान डोलावली, गिअर टाकला आणि गाडी झोकात बाहेर काढली, तीस वर्षांच्या सवयीने रस्त्याच्या डाव्या अंगाने. समोरून लांबलचक जर्मन ट्रक येत होता.

"हॉर्न! हॉर्न दे!" काका ओरडले.